खोल टोकाकडचं एक मिनिट

३ फेब्रुवारी, सोमवार

पोचलो एकदाचा! नऊ तास बसमध्ये गुडघे पोटाशी घेऊन बसलो होतो, पण उतरलो तेव्हा पाय जमिनीवर ठरत नव्हते. ती स्वतः घ्यायला आली होती. गाडीला टेकून, दातांत पेनाचं टोपण धरून, फोनवर कुणाला तरी झापत होती. मला पाहून फोन न ठेवताच तिने हात केला आणि म्हणाली, आलास राजा? बस्स. कॉलेजचं तिसरं वर्ष, परीक्षेचा फॉर्म, दादाची बोलणी, सगळं मी त्या एका 'राजा'वरून ओवाळून टाकलं.

अर्ध्या तासात कळलं की ती ड्रायव्हरलाही राजा म्हणते, आणि लॉजच्या दारातल्या कुत्र्यालाही. असो. कुत्र्याला तिने फोन करून बोलावलं नव्हतं.

नीट लिहून ठेवतो. उद्या कुणी विचारलं की तुमचं दोघांचं कसं जमलं, तर तारखेनिशी सांगता यायला हवं. तर, ती आमच्या कॉलेजात तिची डॉक्युमेंटरी दाखवायला आली होती. बंद पडलेल्या बसमध्ये अकरा वर्षं संसार करणाऱ्या जोडप्यावरची. ती अशीच माणसं शोधते, ज्यांनी घरदार, नोकरी, नाव सोडून भलत्याच जागी बिऱ्हाड मांडलंय. शेवटी प्रश्न विचारा म्हटल्यावर बाकीचे समाज, व्यवस्था वगैरे बोलले. मी उठून म्हणालो, अठराव्या मिनिटाला आवाजात गुणगुण आहे, तुमच्या माइकची वायर गेलीय. सगळं सभागृह हसलं. ती हसली नाही. तिने माझा नंबर घेतला. मग चार महिने मी फोन उशाशी घेऊन झोपलो, आणि गेल्या बुधवारी तो वाजला. तिचा साउंडवाला काम अर्धवट टाकून निघून गेलाय, वर्ष होत आलं तरी दुसरा मिळत नाही. येशील का?

दादा म्हणाला, इलेक्ट्रॉनिक्स सोडून तू आता लोकांच्या तोंडापुढे काठी धरून उभा राहणार? आई म्हणाली, स्वेटर घे. मी दोघांवरही ओरडलो आणि स्वेटर घेतला.

आम्ही तिघंच आहोत. ती, मी आणि कॅमेरा चालवणारे मामा. मामा पन्नाशीचे, सुटलेल्या पोटावर कॅमेरा टेकवतात आणि त्याला माझा स्टँड म्हणतात. तिला सगळे ताई म्हणतात, मामासुद्धा. मी म्हणणार नाही. जीभ झडली तरी नाही. 'अहो'वर येत नाही, 'अगं'वर जायची हिंमत होत नाही, म्हणून मी नुसता खाकरतो. मामांनी मला खोकल्याची गोळी दिली.

४ फेब्रुवारी, मंगळवार

आज जागा पाहिली. पोहण्याचा जुना तलाव, पंधरा-वीस वर्षांपासून कोरडा. निळ्या फरशा, बऱ्याच निखळलेल्या. एका टोकाला उथळ, मग उतरत उतरत दुसऱ्या टोकाला खोल, दोन पुरुष उंचीचं. भिंतीवर खोलीचे आकडे अजून आहेत. उडी मारायची फळी वर तशीच आहे, खाली पाण्याऐवजी एका माणसाचं घर आहे. खाट, स्टोव्ह, टेबल, तीन पायांची खुर्ची आणि चष्मे. शेकडो चष्मे, दोरीवर वाळत घातल्यासारखे.

त्याला गावात पाणबुड्या म्हणतात. कोरड्या तलावात राहणारा पाणबुड्या! तो चष्मे दुरुस्त करतो. लोक जुन्या तिकीट खिडकीशी टांगलेल्या टोपलीतून मोडके चष्मे खाली सोडतात, दोन दिवसांनी वर ओढून घेऊन जातात. बदल्यात पाव, अंडी, साबण, जे असेल ते ठेवतात. प्रत्येक चष्म्याला तो दोऱ्याने चिठ्ठी बांधतो: उजवी दांडी, नाकाची पट्टी, स्क्रू. नऊ वर्षं तो म्हणे या तलावाबाहेर पडलेला नाही. वय सांगता येत नाही. मळका लांब कोट, स्वतःच्या चष्म्याला एक काच पिवळी. मला पाहून पहिला प्रश्न त्याने विचारला तो असा की हेडफोन घट्ट होत नाहीत ना. भला माणूस वाटला.

मामांनी मला टोन शिकवला. प्रत्येक जागेची शांतता वेगळी असते, म्हणून जिथे शूटिंग होतं तिथली एक मिनिट शांतता रेकॉर्ड करून ठेवायची, संकलनात लागते. त्या मिनिटात जो जिथे असेल तिथे पुतळ्यासारखा उभा. मिनिट संपलं की साउंडवाल्याने 'झालं' म्हणायचं, मगच हलायचं. आणि ते त्यानेच म्हणायचं. मामांनी हे दोनदा सांगितलं. टोनमध्ये उभ्या असलेल्याने स्वतः 'झालं' म्हणून चालत नाही, ऐकणाऱ्यानेच म्हणावं लागतं. मग वहीत सुरू झाल्याची वेळ, संपल्याची वेळ. दुसरा नियम, काम थांबलं की कुणाचा कॉलर माइक ऐकायचा नाही. खालच्या आवाजात म्हणाले, मागच्या पोराला ती खोड होती.

कपडे बदलायच्या खोल्यांत मी पहिला टोन घेतला. हेडफोनमध्ये शांतता किती मोठी असते! नळाची गळती, पत्र्यावर कबुतराची नखं, आणि श्वास. मामांचा शिट्टीसारखा. तिचा हलका, मध्येच एक ठेका चुकवणारा. तो चुकलेला ठेका मी आज एकवीस वेळा ऐकला. 'झालं' म्हणायला सतरा सेकंद उशीर केला. मामा म्हणाले, काय अर्धे इंजिनियर, घड्याळाचंही अर्धंच शिकलात का?

६ फेब्रुवारी, गुरुवार

आज त्याची मुलाखत. तो सांगतो छान, हे मान्य करतो. एका मंगळवारी बायकोने पोस्टाचं तिकीट आणायला पाठवलं. रांग मोठी होती. पुढच्या माणसाच्या मानेवर तीळ होता, तो बघत अर्धा तास उभा राहिला. मग रांगेतून बाहेर पडला, आणि नंतर आयुष्यात कुठल्याच रांगेत उभा राहिला नाही. चालत चालत इथे आला, शिडीने खाली उतरला. खाली आल्यावर म्हणे पहिल्यांदा वाटलं की आता आपल्याला कुणी ढकलणार नाही.

मी गोष्ट ऐकत होतो, पण बघत तिच्याकडे होतो. ती कॅमेऱ्याशेजारी जमिनीवर मांडी घालून बसली होती, हनुवटी मुठीवर. डोळे असे की समोर माणूस नाही, शेकोटी आहे. तिने त्याला विचारलं, तुम्ही दमलात का? तुम्ही! ड्रायव्हर राजा, कुत्रा राजा, मी राजा. आणि कोरड्या खड्ड्यात राहणारा, पंधरा दिवसांत एकदा दाढी करणारा हा इसम 'तुम्ही'.

नंतर त्याने उकडलेलं अंडं सोललं. अर्धं तिने खाल्लं. त्याच्या हातचं, न धुतलेल्या. काल मी माझ्या डब्यातलं पुढे केलं तर म्हणाली, नको राजा, पोट बरं नाही.

एक बारीकसं. आवरताना त्याने माझी वायर गुंडाळून दिली. एक वेढा सुलटा, एक उलटा, असा. तशी गुंडाळली तरच पीळ पडत नाही. मला ते शिकायला दोन दिवस लागले. हा म्हणे पोस्टाच्या रांगेतून थेट इथे आला.

८ फेब्रुवारी, शनिवार

डोकं फुटेल असं झालंय. सगळं लिहितो.

खोल टोकाकडचा टोन घ्यायचा होता. त्याला कॉलर माइक लावायचं काम माझं. मी वायर सोडवेपर्यंत तिने स्वतःच लावायला घेतला. हेडफोन माझ्या कानावर होते. कापडावर बोट फिरलं की त्या माइकमध्ये डोंगर सरकल्यासारखं वाजतं. तिची बोटं त्याच्या कॉलरखाली, गुंडीवर, परत कॉलरवर. मी मामांकडे बघितलं. मामा भिंगात बघत होते. ते नेहमीच भिंगात बघतात.

टोन सुरू. ११ वाजून ४० मिनिटं. सगळे स्तब्ध. ती त्याच्यापुढे हातभर अंतरावर, मान किंचित वर. मिनिटभर दोघं एकमेकांकडे बघत उभी, आणि मी त्यांचे श्वास कानात घेऊन उभा! तिचा तो चुकणारा ठेका. आणि त्याचा श्वास, एका ठेक्यावर थांबलेला, तिची वाट बघणारा. चाळिसाव्या सेकंदाला माझं डोकं सटकलं. हेडफोन काढून खाटेवर फेकले, शिडी चढलो आणि तडक बाहेर. 'झालं' म्हणालो नाही.

बाहेर दोन चहा प्यायलो, रस्त्यावरचा एक दगड लाथाडला, अंगठा सुजला. पाऊण तासाने परतलो तर ती वर काठावर बसून कुठलंसं वेळापत्रक लिहीत होती. मामा पोटरी चोळत होते. म्हणाले, पाच मिनिटं उभा राहिलो मेल्या, मग म्हटलं हा काही येत नाही. ती एवढंच म्हणाली की पुन्हा असं केलंस तर परतीची बस सकाळी सहाला आहे. ओरडली असती तरी चाललं असतं.

पण खाली तो अजून उभा होता. तसाच, त्याच जागी, पाऊण तास. ती निघून गेली तरी. आणि आता त्याची मान माझ्याकडे वळलेली होती. लांबच्या वळणावर बस दिसली की माणूस जसा बघतो, तसा तो माझ्याकडे बघत होता.

वहीत सुरू झाल्याची वेळ लिहिली होती. संपल्याची जागा कोरी सोडली. काय लिहिणार?

१० फेब्रुवारी, सोमवार

नियम मोडला. मोडणारच होतो.

दुपारी जेवायला वर आलो, ती म्हणाली मी जरा खालीच बसते. मी त्याचा कॉलर माइक चालूच ठेवला होता. गाडीत बसून हेडफोन लावले. पाच मिनिटं ती दोघं चष्म्याच्या नंबरांबद्दल बोलली. मग शिडीवर तिची पावलं. गाडीचं दार उघडून ती माझ्या शेजारी बसली आणि पाव खाऊ लागली. म्हणजे तो आता खाली एकटा. मी हेडफोन काढणार होतो.

तो बोलायला लागला. पोस्टाची गोष्ट, तीच, घोकून पाठ केल्यासारखी. बायकोने पाठवलं. रांग मोठी होती. मानेवर तीळ. मध्येच अडखळला. म्हणाला, बायको नव्हती. मला बहीण होती. अक्का. अक्काचं घर स्टेशनच्या मागे. परत पहिल्यापासून, बायकोने पाठवलं. मग एकदम माइकजवळ तोंड आणून, अगदी माझ्या कानात: ऐकतोयस ना? मला ठाऊक आहे, मीही ऐकायचो. झालं म्हण रे. एकदा झालं म्हण.

तिने विचारलं, काय झालं राजा, पांढरा का पडलास? मी म्हणालो, पित्त.

१२ फेब्रुवारी, बुधवार

साउंडची वही मागच्या पानांपासून वाचून काढली. माझ्या आधीच्याची. शिस्तीचा माणूस. प्रत्येक टोनला जागा, सुरू, संपला. शेरेही आहेत. 'तिचा श्वास मध्ये अडतो, सुंदर.' वाचून कानशिलं तापली. हाही! पुढे पुढे शेरे वाढत जातात. 'आज तिने त्याला स्वेटर आणला.' 'त्याला तुम्ही म्हणते.' शेवटची नोंद गेल्या मार्चमधली. खोल टोक. सुरू ११.४०. संपला, कोरं.

त्याच्या 'र'ला खाली लांब शेपटी आहे, उलट वळलेली. हे अक्षर मी पाहिलंय. तलावावर गेलो, दोरीवरच्या चष्म्यांच्या चिठ्ठ्या पाहिल्या. उजवी दांडी. स्क्रू. नाकाची पट्टी बरी केली.

प्रत्येक 'र'ला शेपटी.

१३ फेब्रुवारी, गुरुवार

ती आणि मामा गावात गेल्यावर तिच्या खोलीत शिरलो. चोरी म्हणा. तिचं जुनं शूटिंग पाहिलं, सहा वर्षांपासूनचं. आधी खरं तर एवढंच बघायचं होतं की ती त्याच्याकडे पूर्वीही असंच बघायची का.

जुन्या शूटिंगमध्ये पाणबुड्या दुसराच आहे. हा नाही. बुटका, रुंद कपाळाचा, कानाला चीर गेलेली. पण कोट तोच, पिवळी काच तीच. पोस्टाची गोष्ट तीच, तिळासकट, त्याच जागी थांबून. एका ठिकाणी त्याचा चेहरा अगदी जवळून घेतलाय. त्याच्या काचेत कॅमेरा दिसतो, शेजारी मांडी घालून बसलेली ती दिसते, आणि मागे हेडफोन लावून काठी धरलेला एक उंच पोरगा. तो पोरगा कॅमेऱ्याकडे बघत नाही, तिच्याकडे बघतो. दात आवळून.

तो पोरगा म्हणजे आत्ताचा पाणबुड्या.

मामांना सांगितलं. ते भिंग पुसत होते. म्हणाले, माझ्या चौकटीत सहा वर्षं एकच माणूस आहे बाबा, तू जेवतोस का नीट? मग तिला सांगितलं. 'ताई' म्हणून सांगितलं, इतका घाबरलो होतो. तिने माझ्या कपाळाला हात लावला. पहिल्यांदाच. हात गार होता. म्हणाली, माणूस तोच आहे राजा, मी चेहऱ्यांवर फिल्म करत नाही.

आणि मी गाढव, इतकं सगळं पाहूनही, तिचा हात कपाळावर किती वेळ होता तेच मोजत बसलोय. चार सेकंद.

१५ फेब्रुवारी, शनिवार

सकाळी दादाचा फोन. आवाज एकदम मऊ. फॉर्म त्याने स्वतः भरलाय, सोमवारी सही करायला ये एवढंच. आई तुझ्या खोलीत झोपते हल्ली, म्हणाला. मी येतो म्हणालो. खरंच म्हणालो. पिशवी भरली. सहाची बस चुकली होती, म्हणून अकराची धरायची ठरवली. फक्त हेडफोन परत करायला तलावावर गेलो.

ती त्याचे केस कापत होती.

हातात कात्री, दुसऱ्या हाताने त्याचा कान दुमडून धरलेला. गुणगुणत होती. मामा शूट करत होते. मी दाराआड उभा राहिलो आणि वाटलं, मी गेलो की नवीन येईल. हा बसेल, तो ऐकेल, ती गुणगुणेल. आणि माझं नाव तिच्या वहीत 'अर्धवट सोडून गेला' एवढंच.

ती आणि मामा जेवायला गेल्यावर मी खाली उतरलो. वही उघडून त्याच्यापुढे धरली. त्याची ओळ. संपला, कोरं. त्याच्या मानेवर कापलेले केस चिकटले होते. त्याने त्या कोऱ्या जागेवर बोट ठेवलं. मी दया म्हणून केलं असं लिहिता आलं तर बरं होईल. मी केलं ते हा खड्डा रिकामा व्हावा म्हणून. मोठ्याने म्हणालो, झालं. आणि वेळ लिहिली, १ वाजून १०.

त्याने श्वास घेतला. एवढा मोठा की दोरीवरचे चष्मे हलले. मग जांभई दिली, झोपेतून उठल्यासारखी. कोट काढून खुर्चीवर ठेवला, पिवळ्या काचेचा चष्मा टेबलावर. मला विचारलं, मार्च संपला का? मी म्हणालो, दुसरा येतोय. तो शिडी चढला. वर जाऊन वळला आणि घाईघाईने म्हणाला, तुझी ओळ कोरी आहे रे, आठ तारखेची, कुणाकडून तरी— पण तिकीट खिडकीशी आवाज झाला आणि तो पळाला. पळताना दिसला तेव्हा माझ्याहून फार तर तीन वर्षांनी मोठा.

मी रिकाम्या तलावात दोन्ही हात वर करून नाचलो. खरंच नाचलो.

१६ फेब्रुवारी, रविवार

ती काठावर पाय सोडून बसली आणि रडली. सहा वर्षांची फिल्म, शेवटची दोन दृश्यं राहिली होती. त्याला मीच सोडलं, हे मी सांगितलं नाही. मामा म्हणाले, पाठमोरा घेऊ कुणालातरी, कोट आहेच.

तिने मान वर केली. माझ्याकडे बघितलं. आधी खांदे, मग मान, मग तोंड. हळूहळू. हनुवटी मुठीवर टेकवली.

मला सगळं माहीत होतं. हे इथे लिहून ठेवतो, म्हणजे मला कुणी फसवलं असं कुणी म्हणू नये. माझ्या आधीचा पोरगा कसा खाली आला, कुठून आला, ओळ कोरी राहिली की काय होतं, सगळं माहीत होतं. दादाचे तीन फोन येऊन गेले होते.

तिने विचारलं, तुम्ही उतराल का?

तुम्ही.

१८ फेब्रुवारी

कोट बरोबर बसतो. पाठमोरं झालं. मग म्हणाली, जरा वळा. मग, काहीतरी सांगा. मी आईच्या स्वेटरचं सांगायला लागलो. तोंडातून निघालं की बायकोने पोस्टाचं तिकीट आणायला पाठवलं. मी थांबलो. तिचे डोळे भरून आले होते. मग पुढे सांगितलं.

चष्मे सोपे आहेत. हात आपोआप चालतात.

बुधवार असावा

शिडी चढलो. चौथ्या पायरीनंतर पाय जड होतात, अंग म्हणतं हलू नको, मिनिट चालू आहे. कुणी धरत नाही. नुसतं हलवत नाही.

स्वतःच 'झालं' म्हणालो. शंभर वेळा. भिंतींनी ऐकलं. चालत नाही, मामांनी सांगितलं होतं. मग मामांना म्हणालो, तुम्ही म्हणा. मामा भिंगातून बघत होते. म्हणाले, वा, हे छान आलं, पुन्हा म्हणता का?

साउंडची वही वर, माइकच्या पेटीत आहे. माझी रोजनिशी कोटात. पेन संपलं. चिठ्ठ्यांची पेन्सिल आहे.

?

दादा आला.

काठावर उभा राहिला, हातात माझी पिशवी. मी हाक मारली. खाली बघितलं त्याने. नीट बघितलं. तिला म्हणाला, माझा भाऊ इथे काम करायचा, उंचेला, तापट डोक्याचा, कुठे गेला काही कळत नाही. ती म्हणाली, काम अर्धवट टाकून गेला हो. तिला वाईट वाटत होतं. खरंच वाटत होतं.

जाताना दादाने स्वतःचा चष्मा काढून टोपलीतून खाली सोडला. दांडी ढिली होती. कधीपासूनची ढिली आहे, मला ठाऊक आहे, मीच एकदा भांडताना— बसवून दिली. चिठ्ठी बांधली. त्यावर मी आहे दादा, मी आहे असं लिहायचं होतं. हाताने लिहिलं, उजवी दांडी.

टोपली वर ओढून त्याने चष्मा लावला, चिठ्ठी न वाचता खिशात घातली. म्हणाला, आभारी आहे काका.

नंतर

माझ्या 'र'ला शेपटी येतेय.

आईचं तोंड आठवायला बसलो. मानेवरचा तीळ आठवला.

पण ती रोज येते. रोज बसते. काल अर्धं अंडं दिलं. माझ्या हातचं खाल्लं.

नवीन आला. लाल हेडफोन. गालावर मुरूम. तिला तो अहो म्हणत नाही, अगं म्हणत नाही, नुसता घसा साफ करतो. तिने त्याला राजा म्हटलं. मला हसू आलं, मग नाही आलं.

हेडफोन घट्ट होत नाहीत ना, विचारलं मी त्याला.

आज

माइक तिने लावला. त्याने लावायला हवा होता. तिची बोटं कॉलरखाली. त्याचा जबडा बघतोय मी. ओळखीचा जबडा.

मामांनी हात वर केला. खोल टोकाकडचा टोन. सुरू.

मी खुर्चीत. रोजनिशी मांडीवर, कोटाआड. पेन्सिलीचा आवाज टोनमध्ये येईल. येऊ दे. माइक छातीशी आहे, त्याला मोठा ऐकू जाईल. जोरात लिहितो. ऐक रे. हेडफोन काढू नको. मिनिट पुरं कर आणि झालं म्हण. एवढंच कर. मग मी शिडीने वर, बसस्टँडवर, घरी—

वीस सेकंद झाले असतील. ती माझ्यापुढे हातभर. माझ्याकडे बघतेय. श्वास अडला तिचा, तिथेच, नेहमीसारखा—

त्याने भुवया आवळल्या. ऐकतोय. पेन्सिल ऐकतोय. माझ्या मांडीकडे बघितलं. हेडफोनवरचा हात खाली आला. हुशार आहे पोरगा, माझ्यापेक्षा हुशार. थांबणार हा. म्हणणार. अजून दहा सेकंद. ओठ उघडले—

ती वळली. टोनमध्ये आवाज येतोय का, हे बघायला असेल. तिने मान वळवली आणि त्याच्याकडे बघितलं. त्याच्याकडे. हनुवटी वर करून—

नाही.

इकडे बघ. अगं इकडे—

आवाज माझाच आहे. पेन्सिल उचलली की बंद होईल, मग ती परत माझ्याकडे, आणि त्याचा हात परत हेडफोनक